ताकेनोबाईंचा सत्कार

जिंतुराहून जपानला नारळ पाठवता येत नाही, ही गोष्ट बन्सीधर सरांना वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी कळली. तोवर गावात ती कुणालाच ठाऊक नव्हती, कारण कुणी पाठवायला गेलंच नव्हतं. या बाबतीत सरांनी तालुक्यात पहिला नंबर पटकावला, आणि सरांच्या आयुष्यात पहिले नंबर फारसे नसल्यामुळे त्याची नोंद घेणं भाग आहे.

सर चित्रकलेचे शिक्षक. शाळेत चित्रकलेच्या शिक्षकाला मान असतो, नाही असं नाही. पण तो चौदा ऑगस्टच्या दुपारी सुरू होतो आणि फळ्यावर तिरंगा काढून झाला की संपतो. एरवी त्यांचा तास गणिताला जातो आणि ते स्वतः कुणाच्या तरी निरोप समारंभाची पाटी रंगवायला जातात. सर हे सगळं मुकाट्याने करायचे. त्यांच्या हाताला एकच गोष्ट अशी येत होती की जी कुणी मागत नसे, ती म्हणजे आभाळ. पाऊस पडून गेल्यानंतरचं, कापूस वेचणीच्या दिवसांतलं, धुळीचं, असं कुठलंही आभाळ ते काढत, आणि मुख्याध्यापक त्यावर 'वृक्षारोपण सप्ताह' लिहून घेत.

संक्रांत होऊन गेली होती. कॉलेजातून आलेली त्यांची मुलगी भक्ती मोबाईल पुढे धरून म्हणाली, "बाबा, ही बाई बघा. हारुमीतली सगळी आभाळं हिनं रंगवलीत."

आता हारुमीबद्दल सांगायला हवं. पस्तीस वर्षांपूर्वी दर रविवारी सकाळी टीव्हीवर हिंदीत बोलणारी एक जपानी चित्रमालिका लागायची. हारुमी नावाची दहा वर्षांची पोरगी हातात पेटता कंदील घेऊन निघते, तो तिला समुद्रापलीकडच्या आजोबांपर्यंत न विझवता न्यायचा असतो, आणि सोबत असतं एका डोळ्याचं एक चिडखोर बदक. बस्, एवढंच. पण तिने जिंतूर पार हलवून सोडलं होतं. भर दिवसा पोरं बाजारातून पेटते कंदील घेऊन फिरू लागली. घरोघरी रॉकेल महिन्याच्या मध्यात संपायला लागलं. गावात बदक नव्हतं म्हणून कोंबडीच्या एका डोळ्याला पट्टी बांधून तिला सोबत नेण्यात आलं, आणि त्या कोंबडीच्या मालकिणीने जे शब्द वापरले ते त्या मालिकेत कुठेही नव्हते. शिंप्यांनी मोठ्या खिशाचे 'हारुमी फ्रॉक' शिवले. देवगाव फाट्याला 'हारुमी टी हाऊस' अजून चालू आहे. सध्याचा मालक म्हणतो की ते त्याच्या आत्याचं नाव असावं. तालुक्यात आजमितीला चार हारुमी नांदत आहेत, त्यातली एक ग्रामसेविका आहे.

बाकीची पोरं कंदील बघायची तेव्हा चौथीतला बन्सीधर मागचं आभाळ बघायचा. आभाळ नुसतं निळं नसतं, संध्याकाळी त्यात लिंबाचा आणि वांग्याचा रंगसुद्धा असतो, हे त्याला त्या मालिकेने शिकवलं. मग तो घराबाहेर जाऊन खरं आभाळ बघून आला, तर तिथेही ते होतं! कपड्यांची नीळ, हळद आणि कुंकू कालवून त्याने सिमेंटच्या पोत्याच्या कागदावर जे पहिलं आभाळ काढलं, त्याबद्दल त्याला घरात मार बसला. तो मार धरून पुढचं सगळं आयुष्य त्या आभाळाने दिलं, असं सर मनोमन मानत. नोकरी, घर, पोरीचं शिक्षण, सगळं त्यातूनच आलं होतं.

"बाईंचं नाव ताकेनो," भक्ती सांगत होती. "अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या आहेत. त्यांच्या गावात त्यांच्या चित्रांचं प्रदर्शन लागलंय, मार्चअखेरपर्यंत. जगभरातून लोक पत्रं पाठवायलेत. तुमी पण दोन ओळींचा मेल टाका."

सर उठून उभे राहिले. "मेल? अगं, ज्या माणसानं आपल्याला घडवलं त्याला मेल? त्यांचा सत्कार व्हायला पाहिजे."

हे ते तावातावाने का म्हणाले, ते घरात सगळ्यांना समजलं. गेल्या वर्षी त्यांच्या अप्पाराव गुरुजींचा सत्कार करायचा ठरला होता. समितीच्या अकरा बैठका झाल्या. पाहुणा कोण, सभागृह कोणतं, गुरुजींना फेटा की टोपी, यावर साधकबाधक चर्चा झाली. बाराव्या बैठकीची वेळ ठरत असताना गुरुजी गेले, आणि आणलेली शाल शोकसभेत त्यांच्या फोटोवर घालावी लागली. ताकेनोबाई अठ्ठ्याऐंशीच्या होत्या. आभार मानायचे तर माणूस ऐकायला हजर असताना मानायचे, एवढं सरांनी पक्कं केलं होतं.

"शाल, श्रीफळ आणि मानपत्र," ते म्हणाले. "तिन्ही पोस्टानं पाठवायचं. आणि शेजारी महारुद्रकाकांना कळता कामा नये."

महारुद्रकाकांना ते दहा मिनिटांत कळलं, कारण मधली भिंत एकच आहे. काका पंचायत समितीतून निवृत्त झालेले, आणि गावातल्या यच्चयावत सत्कार समित्यांचे अध्यक्ष. गुरुजींच्या त्या अकरा बैठकांचेही तेच.

"सर, जपानच्या बाईचा सत्कार करायलाव म्हणं," काका दारातूनच म्हणाले. "लय चांगलं हाय. पण समितीबिगर सत्कार म्हंजी खासगी भेट झाली. ठराव लागतो."

"काका, वेळ नाही. मार्चअखेर आहे."

मार्चअखेर हा शब्द ऐकल्यावर सरकारी माणूस निवृत्त असला तरी ताठ होतो. काकांनी उभ्या उभ्या समिती स्थापन केली. अध्यक्ष स्वतः, सचिव भक्ती, आणि सदस्य बन्सीधर सर. आपणच काढलेल्या सत्कारात आपण तिसऱ्या नंबरवर, हे सरांना लागलं. सरांची पत्नी विमल आतून म्हणाली, "अहो, दोन ओळीचं पत्र लिहा ना साधं. 'बाई, तुमचं आभाळ लय आवडलं' म्हणा. कामून एवढा घोळ घालायलाव?" पण समिती एकदा स्थापन झाली की साधं पत्र लिहिता येत नाही.

मानपत्राचा मजकूर काकांनी केला. त्यात ताकेनोबाई 'कलागगनातील तेजस्वी तारका' झाल्या, त्यांच्या 'सहस्रावधी गगनचित्रांनी मराठवाड्याची भूमी पुनीत' झाली, आणि शेवटी 'शाल व श्रीफळ अर्पण करून आपला यथोचित सत्कार करीत आहोत' असं आलं. भक्तीने मोबाईलवर त्याचं जपानी केलं आणि खात्री करावी म्हणून परत मराठी करून पाहिलं, तर 'आपल्या चरणी नतमस्तक' याचं 'आमचं डोकं तुमच्या पायात आहे' असं झालं होतं. "तेवढं चालंल," काका म्हणाले. "भाव तोच हाय." सरांनी ती जपानी अक्षरं चित्र काढल्यासारखी एकेक करून कागदावर उतरवली, त्यात त्यांचे आठ दिवस गेले. भोवती वेलबुट्टीच्या जागी हारुमी, कंदील, ते बदक आणि वर सगळीकडे जिंतूरचं आभाळ काढलं. समितीने आक्षेप घेतला की आभाळ जास्त झालं आहे.

शाल आली, मानपत्राला काचेची चौकट झाली, शेंडीसकट देखणा नारळ आला. गावच्या पोस्टात सांगितलं की परदेशी पार्सल परभणीला होईल. सर रजा टाकून एसटीने परभणीला गेले. तिथल्या खिडकीत बबिता मॅडम होत्या. बाई शांत, चष्मा नाकाच्या टोकावर.

"आत काय काय हाय सर?"

"शाल, मानपत्र, श्रीफळ."

मॅडमनी नारळाकडे पाहिलं, मग एका छापील यादीकडे, मग पुन्हा नारळाकडे. "फळ, बी, झाडाचं कायबी तिकडं चालत न्हाई सर. काच पण फुटंल. आणि ह्या फॉर्मात पाठवायचं कारण लिहा. भेट लिहू का?"

"भेट नाही. सत्कार."

"सत्कार यात न्हाई. भेट हाय, नमुना हाय, कागदपत्र हाय, न्हाईतर 'इतर' हाय. 'इतर' करू?"

"इतर!" सर म्हणाले. ज्या बाईने त्यांना आभाळ दिलं तिचा सत्कार 'इतर'मध्ये जावा, हे त्यांना सहन झालं नाही. नारळ बगलेत मारून ते परत आले. एसटीत शेजारच्या बाईंनी कुठल्या देवाला जाऊन आलात म्हणून विचारलं, आणि तेवढा एक अपमान जास्तीचा झाला.

नारळ जात नाही ही बातमी गल्लीत पसरली, आणि सल्ले यायला लागले. कुणी म्हणालं खोबऱ्याची वाटी पाठवा. "तिची त्या काय चटणी करणार?" सरांनी विचारलं. कुणी सुपारी सुचवली, कुणी नारळाचा फोटो. विमल म्हणाली, "नारळच गाळा की. त्या बाईला कुठं मालूम हाय नारळ असतो म्हणून?"

"मानपत्रात लिवलेलं हाय," काका गरजले. "नारळाबिगर सत्कार मी अध्यक्ष म्हणून मान्य करणार न्हाई."

तेव्हा सरांमधला कलावंत जागा झाला. ते म्हणाले, "मी करतो नारळ."

त्यांनी मुलांच्या जुन्या चित्रांच्या कागदांचा लगदा केला, डिंक घातला, आणि आठ दिवसांत असा नारळ घडवला की विमलने पहिल्या दिवशी तो चुकून देवापुढे ठेवला. तिने भक्तीला बाजूला घेऊन सांगितलं, "तुझे बाबा लय वर्षांनी असे हसायलेत." नारळाच्या अंगावरचे धागे हुबेहूब दिसावेत म्हणून सरांनी बाहेरून सुतळी गुंडाळली आणि वर तिचीच शेंडी सोडली. काकांनी तो कानाशी धरून हलवला आणि तोंड वाकडं केलं. "आवाज न्हाई सर. हालवल्यावर वाजला पाहिजे. मुका नारळ कसा द्यायचा पाहुण्याला?" पाणी तर भरता येत नव्हतं, म्हणून सरांनी सायकलच्या दुकानातून मूठभर छर्रे आणले आणि आत सोडले. आता तो झकास वाजू लागला. सुतळी गुंडाळलेली, वर वात काढलेली आणि आत छर्रे भरलेली ही गोल वस्तू दुसऱ्या कुणाला कशी दिसेल, हा विचार तीन जणांच्या समितीत एकाच्याही मनाला शिवला नाही. सर्वानुमते नारळ मंजूर झाला.

मार्चचा पहिला आठवडा उजाडला. सर पुन्हा परभणीला गेले. या खेपेला दारात सिद्धोधन नावाचा रखवालदार होता. त्याने पिशवी तपासायला घेतली, ती वस्तू हातात घेतली, सहज हलवली, आणि त्याचा चेहरा बदलला.

"साहेब," तो अगदी हळू म्हणाला, "ह्ये काय हाय?"

"श्रीफळ."

"मंग छर्रे कामून वाजायलेत?"

"खरं वाटावं म्हणून."

हे उत्तर खरं होतं, पण त्या जागी ते द्यायला नको होतं. रांगेतली माणसं आधी एकेक पाऊल मागे सरली, मग एकदम भिंतीला जाऊन टेकली. पैसे काढायला आलेले एक आजोबा टेबलाखाली गेले आणि तिथून नातवाला फोन लावू लागले. सिद्धोधनने वस्तू दोन्ही हातांनी सरांना परत दिली. बिचारा घाबरलेला असूनही अदबीने बोलत होता. "साहेब, तुमी शिक्षक माणूस दिसताव. तुमीच बाहेर न्या. हळू न्या. आन् आमच्यासमोर फोडून दाखवा."

सर पायरीवर उकिडवे बसले. समोर अर्धवर्तुळ करून चाळीस-पन्नास लोक उभे होते, लांबच. आयुष्यात पहिल्यांदा त्यांची कलाकृती बघायला एवढी गर्दी जमली होती. सवयीने त्यांनी डोळे मिटून हात जोडले आणि नारळ पायरीवर आपटला. तो चेंडूसारखा उडाला आणि गर्दी ओरडून पांगली. सरांनी डिंकात कसर ठेवली नव्हती. दुसऱ्यांदा आपटला, तरी तसाच. तिसऱ्यांदा सिद्धोधनने लांबून एक दगड सरकवला, तेव्हा कुठे नारळ उकलला, छर्रे पायऱ्यांवरून गडगडत खाली गेले, आणि कुणीतरी सवयीनेच टाळ्या वाजवल्या. सरांचे कान लाल झाले होते. कागदी नारळाच्या दोन वाट्या हातात धरून ते तिथेच बसून राहिले, आणि त्यांना वाटलं की समितीच्या बाराव्या बैठकीत बसलेलं बरं होतं.

"आत या सर," बबिता मॅडम म्हणाल्या. त्यांनी नियमाप्रमाणे बाकीचं सामान उघडलं. शाल झटकून पाहिली. मग काच काढून, गुंडाळी करून आणलेलं मानपत्र उलगडलं, आणि त्यांचा हात थांबला. चष्मा त्यांनी वर सरकवला.

"हे बदक," त्या म्हणाल्या. "सर, हे हारुमीचं बदक हाय का?"

"हो."

मॅडम खुर्चीवरून उठल्याच. "आमी पाथरीचे. आमच्याकडं टीव्ही न्हवता, शेजारच्या कडूबाईंच्या खिडकीतून बघायचो. मी तर फ्रॉक पण शिवून घेतला होता, मोठ्या खिशाचा. पण शेवटच्या रविवारी ऐन टायमाला लाईट गेली. मंग परत कधी लागलंच न्हाई." त्यांनी आवाज खाली आणला. "सर, कंदील पोचला का हो आजोबापाशी?"

पन्नाशीला टेकलेली बाई, पुढे रांग, हातात शिक्का. पण तिने ज्या तऱ्हेने विचारलं त्यावरून दिसत होतं की पस्तीस वर्षांत हा प्रश्न विचारायला तिला माणूस मिळाला नव्हता.

"पोचला," सर म्हणाले. "समुद्रात नाव बुडायला आली होती. पण विझला नाही. पोचला."

"पोचला म्हणं," मॅडमनी मागे वळून सगळ्या खोलीला सांगितलं, आणि पदराने डोळे पुसले. रांगेतला एक जण म्हणाला की त्याने कोंबडीला पट्टी बांधली होती, आणि सरांनी त्याच्याकडे निरखून पाहिलं. टेबलाखालचे आजोबा बाहेर आले आणि आपलं सगळं रॉकेल त्या पोरीपायी गेलं म्हणून तक्रार करू लागले. सिद्धोधनला मालिका आठवत नव्हती, तो लहान होता. पण थोरली बहीण त्याला हारुमीचीच गोष्ट सांगून जेवू घालायची, असं तो म्हणाला. मग मॅडमनी मानपत्र उलटं केलं आणि विचारलं, "आमी मागं सही केली तर चालंल का? त्या बाईला कळंल तरी." मागच्या बाजूला सव्वीस सह्या आणि दोन अंगठे झाले. फॉर्मात 'भेट' लिहिलं गेलं, आणि सरांनी या वेळी हरकत घेतली नाही. अर्ध्या तासापूर्वी ज्यांच्यापुढे तोंड दाखवायची लाज वाटत होती, त्या सगळ्यांना त्यांनी हात जोडले. त्यांना खरोखरच भरून आलं होतं.

परतीच्या एसटीत, निम्मी वाट संपल्यावर, सरांच्या एकाएकी लक्षात आलं. मानपत्रात अजून 'शाल व श्रीफळ अर्पण करून' असंच आहे. आणि पुडक्यात श्रीफळ नाही. अठ्ठ्याऐंशी वर्षांची बाई पुडकं उघडणार, शाल काढणार, मग श्रीफळ शोधणार, आणि तिला ते सापडणार नाही. जिंतूरचे लोक लिहितात एक आणि देतात दुसरं, असं तिला वाटणार. आभार मानायला गेलो आणि खोटे पडलो! पुढचे कितीतरी दिवस सर हेच घोकत राहिले. महारुद्रकाकांनी तर सत्कार नियमबाह्य ठरवून टाकला होता. मार्च गेला, प्रदर्शन संपलं. एप्रिल गेला. सर रोज पोस्टमनची वाट बघत आणि तो समोरून गेला की वर आभाळाकडे बघत.

मेच्या दुसऱ्या आठवड्यात जपानचं पाकीट आलं. सरांनी ते भक्तीच्या हातात दिलं आणि तिने ते उघडलं. भिंतीपलीकडून काका आलेच. आत जपानीत लिहिलेलं पत्र होतं. भक्तीने त्यावर मोबाईल धरला आणि थांबत थांबत वाचलं.

"'तुमची शाल मिळाली. ती ऊबदार आहे. कागदाच्या पाठीमागच्या सह्या मी आधी एकेक करून बघितल्या. मी चार हजार आभाळं रंगवली. लोक हारुमीला बघत, ते बरोबरच होतं. आभाळ कुणी बघत असेल असं मला वाटलं नव्हतं. तुमच्या गावचं आभाळ मी भिंतीवर लावलं आहे. एक गोष्ट सांगायची आहे. पत्रात लिहिलेलं फळ पाकिटात नव्हतं. वाटेत कुठेतरी हरवलं असेल. पाठवणाऱ्यांना वाईट वाटू नये आणि समारंभ अपुरा राहू नये, म्हणून मी नातीबरोबर शहरात जाऊन ते विकत आणलं. बरोबर केलं का, कळवा.'"

पत्राखाली फोटो होता. पांढऱ्या केसांची इवलीशी बाई ताठ बसली होती. शाल तिने थंडीत घ्यावी तशी डोक्यावरून गच्च लपेटली होती, आणि दोन्ही हातांनी, अगदी मानाने, समोर धरलं होतं एक हिरवंगार शहाळं.

मग महारुद्रकाकांनी चष्मा लावून फोटो जवळ घेतला. "सर," ते म्हणाले, "हे शहाळं हाय. शहाळं आजाऱ्याला नेतात. शहाळ्यानं सत्कार होत न्हाई."

बन्सीधर सरांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते हसत होते. त्यांनी काकांच्या हातातून फोटो हळूच काढून घेतला.

"होतो काका," ते म्हणाले. "झाला."